दुपट्ट्याखालचा हात

बाबा, परवा सौंसरच्या पलीकडे, लोधीखेड्याच्या वाटेवरच्या एका पडीक वावरात बैलबाजार भरला होता. बैल खरे होते, माणसंही आपल्याच भागातली होती, पण बाजार सिनेमाचा होता. मी त्यात दलाल होतो. तुम्ही जन्मभर जे केलंत ते मी एक दिवस केलं, तेही तोंडाला रंग लावून आणि मागे छत्री धरणारा माणूस घेऊन. हे तुम्हाला सांगितल्याशिवाय राहवेना, म्हणून मुंबईला परत आल्यावर पहिलं काम हे. तुम्ही गेलात तेव्हाच्या तुमच्याहून माझे केस आज जास्त पांढरे आहेत. मेकअपवाला सकाळी एवढंच विचारतो, काका, आज काळे की आहेत तसेच.

आधी माझ्या धंद्याची खबर देतो, कारण तुम्ही गेलात तेव्हा माझ्या खात्यात जमेला फक्त एक मुडदा होता. पोलिसांच्या एका मालिकेत नदीकाठी पडलेला, अर्ध्या तोंडावर चादर. मायनं तो शेजाऱ्यांकडे जाऊन पाहिला आणि त्या दिवशी ती जेवली नाही म्हणे. पुढे मी जिवंत झालो. हवालदार झालो, मग जमादार, मग बढती मिळून इन्स्पेक्टर. मंत्र्याचा पीए, शाळेचा हेडमास्तर, "आय अॅम सॉरी" म्हणून बाहेर येणारा डॉक्टर, तारीख पुढे ढकलणारा जज. नायिकेचा मामा तर इतक्यांदा झालो की मंगलाष्टकं सुरू झाली की मी आपसूक अंतरपाटाच्या बाजूला सरकतो. हिंदीवाल्यांनी मला मराठी हवालदार म्हणून घेतलं आणि मराठीवाल्यांना माझ्या मराठीत हिंदीचा वास यायचा. पुण्याच्या एका मालिकेत एकानं मला विचारलं, तुम्ही मराठी कुठे शिकलात? मी म्हटलं, मायच्या मांडीवर, मध्य प्रदेशात. तो हसला, त्याला तो विनोद वाटला. पण घर न घर मला तोंडानं ओळखतं. नाव कुणाला आठवत नाही, त्याचं मला काडीचं दुःख नाही. विमानतळावर एक बाई अर्धा तास माझ्याकडे पाहत होती आणि शेवटी म्हणाली, तुम्ही आमच्या बँकेत होता ना? मी म्हटलं, होतो. एवढं विश्वासाचं तोंड करायला हयात जाते, बाबा. मी चांगला नट आहे. हे मी बाहेर कुठे बोलत नाही, पण तुमच्यापाशी खोटा विनय कशाला करू?

आणि हे तोंड कुठून आलं ते तुम्हाला मालूम आहे. कॉलेज संपलं आणि तुम्ही मला बाजारात घेऊन गेलात. आपल्या धंद्याची रीत मी काही नव्यानं शिकत नव्हतो, घरात तेच पाहत वाढलो होतो. जनावराचा भाव तोंडानं बोलायचा नाही. खांद्यावरचा दुपट्टा हातावर टाकायचा, त्याखाली एकानं दुसऱ्याची बोटं धरायची आणि बोटांनीच आकडा सांगायचा. भोवती माणसांचा घोळका असतो, कान टवकारून. त्यांना दिसतो तो हलणारा दुपट्टा आणि दोन मख्ख चेहरे. सौदा झाला, फिसकटला, काहीही झालं तरी दुपट्ट्याखालचा आकडा तिसऱ्याला सांगायचा नाही, बायकोलासुद्धा. यावरच तुमचं नाव रामाकोन्यापासून सावरगावपर्यंत होतं. त्या दिवशी तुम्ही पहिल्यांदा मला पुढे केलंत. एका पांढऱ्या जोडीवर समोरच्यानं माझी बोटं दाबली आणि माझ्या भुवया वर गेल्या. झालं. घोळक्यातला एक म्हातारा खुदकन हसला, दुसरा मागे वळून कुणाला तरी खुणावता झाला आणि दुपार व्हायच्या आत त्या जोडीचा भाव साऱ्या बाजाराला कळल्यासारखा झाला. तुम्ही बाजारात काही बोलला नाहीत. परतताना, बैलगाड्यांच्या मागून चालता चालता म्हणालात, "हातातली गोष्ट तोंडाले कायले सांगतं बे? तोंड तुह्या घरचं नोकर आहे का दुनियेचं?" आणि थोड्या वेळानं, जरा हळू, "तुह्यानं दलाली नाही होत. सगळं दिसते तुह्या तोंडावर." मला ते फार लागलं. दादा पुढे चालत होता, त्यानं वळूनही पाहिलं नाही.

दादाचं तोंड मात्र तुमच्यावर गेलेलं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नदीवर दोन गावांची दगडफेक होते, त्या गोटमारीत त्याच्या कपाळाला दगड लागला होता, ते आठवतं का? जांब नदीवरून रक्तानं भरलेला दुपट्टा कपाळाला दाबत घरी आला, ओट्यावर बसला आणि मायला म्हणाला, "चाय मांड." मायनं मागे वळून पाहिलं आणि किंचाळली, तरी त्याच्या तोंडावरची रेघ हलली नाही. त्याला रेल्वेत नागपूरला लागायचं होतं. काम जवळजवळ झालंही होतं. मग एक दिवस ते बोलणं बंद झालं आणि तो तुमच्याबरोबर बाजाराला जाऊ लागला. घरात कुणी विचारलं नाही. मी, मायनं, सगळ्यांनीच गृहीत धरलं की तुम्ही त्याला जाऊ दिलं नाही.

तरीही एक दिवस मी मुंबईचं बोललो. तुम्ही बाजाराहून येऊन स्वयंपाकघरात जेवायला बसला होता. माय आमच्याकडे पाठ करून चुलीपुढे भाकर थापत होती. दादा बाहेर रांजणापाशी पाय धूत होता. तुम्ही घास खाली ठेवलात आणि सुरू झालात. "नाटकं कराले मुंबईले जाते म्हने. घरात धंदा आहे, भाऊ उन्हातान्हात राबून राहिला, आन याले तोंडाले रंग लावाचा आहे." मी मान खाली घालून बसलेला. तुमचा आवाज चढत होता आणि चढता चढता तुमच्या डाव्या हातानं खांद्यावरचा दुपट्टा काढला, मांडीवर टाकला आणि त्याखालून तो हात माझ्याकडे सरकला. मला आधी समजेना. "किती साल भटकशीन तिथं? सांग नं, बोल!" तुम्ही ओरडलात. मी दुपट्ट्याखाली हात घातला आणि तुमची बोटं धरली. मला जेवढी वर्षं हवी होती तेवढी. तुम्ही माझा हात झटकून टाकलात. मला वाटलं, संपलं. मग तुम्हीच माझी बोटं धरलीत आणि तुमचा आकडा दिलात. तो माझ्या आकड्याहून मोठा होता. ज्या माणसानं उभ्या आयुष्यात मागितल्याहून एक पै जास्त दिली नाही, त्या माणसानं, बाबा. आणि तोंडानं काय चाललं होतं? "जा, माह्यासमोर उभा नको राहू. माह्या जीवाले घोर लावला या पोट्ट्यानं." मायनं मागे न पाहता डोळ्यांना पदर लावला. तुमचा हात अजून माझी बोटं सोडत नव्हता.

पुढे मी नाटकांत, सिनेमांत, मोठमोठ्या नटांच्या शेजारी उभा राहून कामं केली. तशी जागा मी पुन्हा पाहिली नाही. तोंड नाही म्हणत होतं, हात देत होता, आणि दोन्ही खरे होते. नवी पोरं मला विचारतात, काका, तुम्ही काही करत नाही तरी सगळं पोचतं, हे कसं? मी म्हणतो, घराण्याचं आहे. त्यांना वाटतं मी गाण्याबद्दल बोलतो.

तुम्ही दुपट्टा का घेतलात ते मला मुंबईला जाणाऱ्या गाडीत बसल्यावर उमगलं. जे थोरल्याला दिलं नाही ते धाकट्याला उघडपणे कसं द्यायचं? रीत अशी कामाला येते. पण मग तुम्ही मुदत संपायच्या आत गेलात. मी पोचलो तेव्हा सगळं आटोपलं होतं. दहाव्याला नदीवर दादा मला म्हणाला, "तू बाबाचं न आयकता पळाला. बाबा त्याच्यानंच खचले. शेवटपर्यंत तुह्यं नाव नाही काढलं त्याहीनं." कुणी माझं विचारलं की तुम्ही सपाट तोंडानं म्हणायचा म्हणे, "आहे तिकडंच कुठंतरी." दादानं त्यावरून ओळखलं की तुम्ही माझ्यावर रुसून गेलात. आता यावर हसावं का रडावं? दलालाच्या मुलानं, स्वतः दलाल असलेल्यानं, दलालाच्या तोंडावर विश्वास ठेवला. मी तेव्हाच सांगू शकलो असतो. पण दुपट्ट्यातली गोष्ट होती. आणि सांगितली असती तर त्याला काय कळलं असतं? की बाबांनी मला दिलं ते तुला दिलं नाही. मी गप्प बसलो आणि दादा माझ्याशी कामापुरतं बोलू लागला. मी पांढुर्ण्याला घरी गेलो की वहिनी भरपूर वाढायची. दादा संत्र्याच्या बागेत निघून जायचा. टीव्हीवर मी आलो की तो उठून बाहेर जातो, हे वहिनीनंच सांगितलं. मी हसून म्हटलं, माझे रोल छोटे असतात, त्याला फार वेळ उभं राहावं लागत नसेल. पण बाबा, जगानं ओळखलं आणि सख्खा भाऊ पाठ फिरवून उभा आहे, हे मला रोज टोचत होतं. मायच्या मागे आपल्या जुन्या घरातलं माझं म्हणायला तेवढंच एक माणूस उरलं होतं, आणि तेही माझ्याबद्दल चुकीचं मानून म्हातारं होत चाललं होतं.

तर हा सिनेमा. दिग्दर्शक म्हणजे पुण्याची एक पोरगी आहे, माझ्या मुलीच्या वयाची, डोकं तल्लख. कथेत जुनी भांडणं असलेले दोन दलाल बाजारात समोरासमोर येतात आणि एका जोडीचा सौदा करतात, एवढाच आमचा प्रसंग. तिला दुपट्ट्याखाली छोटा कॅमेरा लावून बोटं दाखवायची होती. मी म्हटलं, बाई, दुपट्ट्याखाली तिसरा डोळा गेला की तो सौदा राहत नाही, उरते ती बोटांची कसरत. ती थोडा वेळ नखं खात बसली आणि मग म्हणाली, ठीक आहे, फक्त दोन चेहरे घेऊ. माझ्यासमोर मुंबईचा एक नट होता. माणूस गुणी, पण सारखी मान खाली घालून दुपट्ट्याकडेच पाहायचा. तिसऱ्या टेकनंतर तिनं हात वर केले आणि विचारलं, इथे खरे दलाल कोण आहेत? सगळ्यांनी एकाकडे बोट दाखवलं. शूटिंगला बैल पुरवणारा, सकाळपासून बाभळीखाली उभा असलेला, माझ्याशी एक शब्द न बोललेला माणूस. दादा.

मला वाटलं तो नाही म्हणेल. तो आला. कपडेपटानं दिलेला कोरा दुपट्टा त्यानं दोन बोटांत धरून पाहिला आणि परत देऊन टाकला. "याच्यात हात घसरते," म्हणाला. मग स्वतःच्या खांद्यावरचा काढला. तो तुमचा होता, बाबा. विटलेला, एका कडेला मायनं घातलेला टाका. इतकी वर्षं तो तोच वापरत होता आणि मला माहीत नव्हतं. दिग्दर्शकबाई सांगत होती की या जागी आवाज नको आहे, वर संगीत येणार आहे, तुम्ही तोंडातल्या तोंडात काहीही बोला, फक्त चेहरे राहू द्या. एरवी ही सूचना मी हजारदा ऐकली आहे. त्या दिवशी ती मला फार मोठी सवलत वाटली.

दुपट्टा पडतो. दादाचा हात माझ्या हातात येतो, खडबडीत, तुमच्याच घडणीचा. भोवती शे-दोनशे माणसं, समोर दोन कॅमेरे, बैल शेपट्या हलवताहेत. तो बाजाराच्या सवयीनं जोडीचा भाव देतो. मी तो भाव घेत नाही. ओठ फारसे न हलवता म्हणतो, "दादा, मी पळालो नोहोतो. बाबानं मुदत देल्ली होती. सैपाकखोलीत, याच दुपट्ट्याखाली." त्याच्या तोंडावर काही नाही. मी त्याची बोटं धरतो, आधी मी मागितलेला आकडा. मग ती सोडतो आणि तुमचा आकडा धरतो. त्याचा हात थांबतो. "माय होती तिथं?" तो विचारतो. "पाठमोरी." "आन मी?" "तू पाय धूत होता." त्यानं तुमचा आकडा पुन्हा तपासला, एकेक बोट चाचपून, व्यवहार पक्का करण्यापूर्वी तुम्ही तपासायचात तसा. आणि मग सोडलं नाही. माझी बोटं धरून बसला. कॅमेऱ्याला दादाचा चेहरा दिसत होता तो एखाद्या जोडीचे दात मोजणाऱ्या माणसाचा. माझा कसा दिसत होता, ते तेव्हा मला कळायचं कारण नव्हतं.

ती पोरगी "कट" म्हणाली नाही, बराच वेळ. मग म्हणाली आणि लगेच "ओके". टाळ्या झाल्या. दादानं दुपट्टा झटकून खांद्यावर टाकला आणि मला म्हणाला, "चाल, चाय घेऊ." बाभळीखाली कुणीतरी दोन कप आणून दिले. मला भीती वाटत होती, कारण मी त्याला चांगलं सांगितलं होतं तसंच वाईटही सांगितलं होतं. मीच विषय काढला. म्हटलं, "तुले रेल्वेत जाऊ नाही देल्लं, आन मले देल्लं. म्हनून बोललो नाही इतके साल." त्यानं कप खाली ठेवला. "कोन म्हने जाऊ नाही देल्लं?" तो म्हणाला. "माह्यासमोर बी टाकला होता त्याहीनं दुपट्टा. खळ्यात. मीच हात नाही घातला." मी विचारलं, काहून? तो बैलांकडे पाहत म्हणाला, "मले बैल सोडून नोहोतं जाचं. पन असं सांगता येते का लोकाईले? नोकरी सोडली बैलासाठी? मंग बाबालेच म्हनलं, तुम्ही नाही म्हनलं असं राहू द्या. राहू देल्लं त्याहीनं." त्यानं उरलेला चहा एका घोटात संपवला. "मी समजत होतो, तू त्याहीचं न आयकता पळाला. याचाच राग होता, बाकी कायचा नोहोता."

म्हणजे तुम्ही दोघांचंही झाकून ठेवलंत, बाबा. एकाचं जाणं आणि एकाचं राहणं. त्यापायी आम्ही दोघे भाऊ एकमेकांना अर्धं आयुष्य चुकीचं वाचत बसलो, याचा तुमच्यावर थोडा राग आला हेही सांगतो. एक शब्द बोलला असतात तर काय बिघडलं असतं? पण तुम्ही बोलला असतात तर ते तुम्ही नसतात. त्या संध्याकाळी मी दादाकडेच जेवलो. वहिनीनं वांग्याची भाजी आणि ज्वारीची भाकर केली होती. टीव्हीवर माझी मालिका लागली, मी जज होतो. दादा जागचा हलला नाही. शेवटी म्हणाला, "फैसला कधी देशीन? दर वेळी तारीखच देऊन राहिला." एवढी मोठी समीक्षा माझ्या कामाची आजवर कुणी केली नव्हती.

हे पत्र कुठे टाकणार? टाकायचं नाहीच. दादाला वाचून दाखवायचंही नाही, कारण त्याला जे सांगायचं ते रीतीनं सांगून झालं आहे, आणि तुमचा आकडा मी इथेही लिहिलेला नाही, तुम्ही तपासून पाहा. फक्त एक गोष्ट राहिली. काल निघण्याआधी दिग्दर्शकबाईनं तो प्रसंग जोडून मला दाखवला. दादाच्या चेहऱ्यावर काहीही नाही, आणि तरी तो पाहत राहावासा वाटतो. माझ्या चेहऱ्यावर सगळं आहे. भुवया वर गेल्या आहेत, खालचा ओठ थरथरतो आहे, डोळे भरले आहेत. बाजारातल्या कुणालाही आकडा वाचता यावा इतकं उघडं तोंड. ती म्हणाली, सर, हे कसं केलंत? मी म्हटलं, अनुभव आहे, बाई. ते खोटं होतं. मी काही केलं नव्हतं, बाबा, तोंडानंच सगळं सांगून टाकलं. तुम्ही म्हणाला होतात तेच खरं, माझ्यानं दलाली झाली नाही.